नेस्बिटच्या बाजूची मेथी

शनिवारी सकाळी जयंत बागेचं फाटक ढकलून आत आला आणि हातातली पिशवी खाली ठेवायच्या आतच त्याच्या लक्षात आलं, दगड हललेत.

ड्रेस्डेनच्या कडेला, रेल्वेच्या रुळांलगत ही लहान लहान बागांची वसाहत होती. जमीन संघाची. ज्याला तुकडा भाड्यानं मिळाला त्यानं त्यात भाजी लावायची, फुलं लावायची, रविवारी खुर्ची टाकून बसायचं. दोन तुकड्यांच्या मधे कुंपण घालायचं नाही असा संघाचा नियम होता. म्हणून मालिनीनं एल्ब नदीच्या काठावरून नारळाएवढे पांढरे गोटे आणून ओळीनं मांडले होते. गोट्यांच्या अलीकडे तिचा मेथीचा वाफा, पलीकडे नेस्बिटचे बटाटे.

जयंत वाकला. मधल्या एका गोट्याची जुनी खोबण गोट्याच्या पलीकडे उघडी पडली होती. पिवळं पडलेलं गवत आणि एक गांडूळ. म्हणजे गोटा अलीकडे आला होता. वीतभर नाही, पण चार बोटं नक्की. पलीकडची माती ताजी खणलेली होती.

"बांध कोरतोय," जयंत स्वतःशीच म्हणाला.

हा शब्द त्याच्या घरातला नव्हता. त्याचे वडील पोस्टात होते, शेती कोणालाच नव्हती. तो स्वतः संगणकाच्या चिप बनवणाऱ्या कारखान्यात पंप सांभाळणारा इंजिनियर. शब्द मालिनीचा. तिचं माहेर कोयनेच्या धरणात गेलं तेव्हा ती पाच वर्षांची होती. सरकारनं त्यांना सोलापूरकडे जमीन दिली. दिली म्हणजे तिथल्या शेतकऱ्यांची काढून घेऊन दिली. त्या गावानं त्यांना शेवटपर्यंत 'धरणातले' म्हटलं. जमिनीचा जुना मालक शेजारीच राहत होता. दर नांगरणीला तो बांधाला नांगराचं एक तास जास्त घाली, की बांध बोटभर सरके. मालिनीचे वडील, आबा, पेरणीच्या दिवसांत त्या बांधावर जाऊन नुसते बसून राहत. ते वारले तेव्हा गावानं स्मशानात जागा दिली नाही, म्हणून मुलांनी त्यांना त्याच बांधावर जाळलं. त्यानंतर तो बांध कोणी कोरला नाही.

ही गोष्ट मालिनी वर्षातून एकदा तरी सांगायची आणि सांगताना हसायची. "अहो, आबांना जिवंतपणी जमलं नाही ते त्यांनी असं केलं बघा," म्हणायची. जयंतला त्यात हसण्यासारखं काही वाटत नसे.

डिसेंबरात मालिनी गेली. अस्थिकलश घेऊन तो वाईला गेला, कृष्णेत विसर्जन केलं, पण चिमूटभर राख त्यानं फोटोच्या रिळाच्या रिकाम्या डबीत मागे ठेवली. का ठेवली ते त्यालाही सांगता आलं नसतं. एप्रिलमध्ये त्यानं मेथीच्या वाफ्यात हातभर खड्डा केला, डबी त्यात उपडी केली, माती लोटली आणि वर स्वयंपाकघरातल्या पाकिटातली मेथी पेरली. जर्मनीत राख दफनभूमीबाहेर ठेवायची परवानगी नाही. त्यामुळे हे त्यानं कोणालाच सांगितलं नाही. बर्लिनला शिकत असलेल्या मुलीला, कादंबरीलाही नाही.

आता मेथी चार पानांवर आली होती. वाफा जेमतेम दोन हात रुंद. चार चार बोटांनी तो किती दिवस पुरणार?

नेस्बिट सत्तरीचा होता. मूळचा आयर्लंडच्या उत्तरेकडचा. बर्लिनची भिंत पडल्यावर इथे कारखान्यात यंत्रं बसवायला आला आणि हेल्गा नावाच्या इथल्याच बाईशी लग्न करून राहिला. निवृत्त झाल्यामुळे तो आठवडाभर बागेत एकटाच असे. मालिनी होती तेव्हा दोघं इंग्रजीतून मोठमोठ्यानं बोलायचे, भाज्यांवरून भांडायचे. ती गेल्यापासून नेस्बिट जयंतच्या नजरेला नजर देत नव्हता. जानेवारीत त्यानं बटाट्यांची एक पिशवी न बोलता जयंतच्या घराच्या दाराशी ठेवली होती. तेव्हा जयंतला बरं वाटलं होतं. आता ते बटाटे आठवले आणि वाटलं, हा तेव्हापासूनच तयारीत होता.

सोमवारी कॅन्टीनमध्ये त्यानं भास्करला सांगितलं. भास्कर त्याच्याच विभागात होता, नाशिकचा.

"कुठला म्हणालास? आयरिश?" भास्कर म्हणाला. "मग त्याला सोड रे. त्यांचीच जमीन इंग्रजांनी घेतली. ते आपल्यासारखेच."

"आपल्यासारखा आहे म्हणूनच बांध कोरतोय."

"तू आणि बांध! जयंता, तुझ्या बापजाद्यांनी कुंडी तरी बघितली होती का?" भास्कर हसला, मग जयंतचा चेहरा बघून हसायचा थांबला. "बरं, नाव काय त्याचं?"

"नेस्बिट."

"हे आयरिश वाटत नाही हं. कादंबरीला विचार. ती हिस्ट्री करते ना?"

संध्याकाळी त्यानं कादंबरीला फोन लावला. ती सात वर्षांची असताना ते इकडे आले होते. बापाचं मराठी तिला सगळं कळायचं, पण ती उत्तर जर्मनमध्ये द्यायची.

"तो भाग अल्स्टर, बाबा," ती म्हणाली. "चारशे वर्षांपूर्वी तिथले आयरिश सरदार इंग्रजांशी लढाईत हरले आणि देश सोडून गेले. लंडनच्या राजानं त्यांचे जिल्हेच्या जिल्हे जप्त केले, तुकडे पाडले आणि स्कॉटलंडच्या, इंग्लंडच्या लोकांना वाटून टाकले. अट अशी की आपली माणसं आणून वसवायची, भक्कम घर बांधायचं आणि बऱ्याच ठिकाणी तर आयरिश कूळ ठेवायचंच नाही. नेस्बिट हे स्कॉटिश नाव आहे. म्हणजे त्याचे लोक तेव्हा आलेले असणार."

"आणि मूळचे कुठे गेले?"

"काही डोंगरात. काही तिथंच राहिले, स्वतःच्या जमिनीवर दुसऱ्याचे मजूर म्हणून."

"म्हणजे हा त्यांच्या घराण्याचा धंदाच आहे."

"आल्झो, म्हणजे, बाबा," ती म्हणाली. "आईचं माहेरसुद्धा तसंच बसवलेलं होतं ना? दुसऱ्याच्या जमिनीवर?"

"तसं नाही ते. त्यांचं घर बुडालं होतं."

"स्कॉटलंडहून आलेलेही सगळे काही श्रीमंत नव्हते."

जयंतनं आमटी गॅसवर आहे असं सांगून फोन ठेवला. गॅसवर काही नव्हतं.

पुढच्या शनिवारी तो कारखान्यातून सायकलच्या चाकाची एक जुनी तार घेऊन गेला. मधल्या गोट्याला अलीकडून चिकटून ती त्यानं जमिनीत पूर्ण ठोकली, वर टोक दिसेल न दिसेल इतपत. नेस्बिट आपल्या बागेतल्या झोपडीच्या दारात चहा पीत उभा होता. "हवा छान आहे," तो म्हणाला. "आहे," जयंत म्हणाला.

त्यानंतरच्या शनिवारी तारेचं टोक गोट्याच्या पलीकडे निघालं. गोटा तारेला ओलांडून अलीकडे आला होता. वाफ्याच्या कडेची मेथीची एक ओळ दगडांखाली चिरडली होती.

जयंत सरळ झोपडीपाशी गेला.

"तुम्ही दगड सरकवताय."

नेस्बिटनं कप खाली ठेवला. त्याचे कान मुळातच लाल होते, ते आणखी लाल झाले. "गोल दगड आहेत," तो म्हणाला. "घरंगळतात."

"मग मोजणी करून घेऊ. संघाच्या बाईंना बोलावतो."

जयंतला वाटलं होतं तो चिडेल, नाही तर हसेल. नेस्बिट घाबरला. अगदी स्पष्ट दिसलं ते.

"मोजू नका," तो म्हणाला. "कशाला मोजायचं? आमच्याकडे लंडनहून एक माणूस नकाशा काढायला आला होता. फार पूर्वी. तिथल्या लोकांनी त्याचं डोकं उडवलं. त्यांना कळलं होतं, नकाशा झाला की मागोमाग माणसं येणार."

"आणि आली."

"आली. माझीच आली."

"मग तुम्हाला मोजणीची भीती कसली? तुमचं तर मोजणीनं भलंच झालं."

"मी माझ्यासाठी नाही म्हणत," नेस्बिट म्हणाला आणि आत जाऊन त्यानं दार लावून घेतलं.

हे शेवटचं वाक्य जयंत आठवडाभर घोळवत राहिला. माझ्यासाठी नाही म्हणजे काय? धमकी होती का ती? याला वाफ्यातलं कळलं असेल का? एप्रिलमध्ये खड्डा करताना यानं खिडकीतून बघितलं असेल आणि मोजणीच्या वेळी सगळ्यांसमोर बोलेल? दोनदा त्यानं फोन करून मोजणी रद्द करायचं ठरवलं. पण चार बोटांचा हिशेब डोळ्यांपुढून जाईना. आबांनी निदान बांधावर जाऊन बसायचं तरी केलं होतं.

संघाच्या अध्यक्ष फ्राऊ लीबशर, म्हणजे लीबशरबाई, शनिवारी बरोबर दहाला आल्या. रबरी बूट, खांद्यावर दोरीचं भेंडोळं. प्रत्येक तुकड्याच्या कोपऱ्यात संघानं लोखंडी खुंट्या ठोकलेल्या होत्या, त्यांना दोरी बांधली की झालं, असं त्यांनी सांगितलं. रस्त्याकडची खुंटी लगेच सापडली. पण ती गोट्यांच्या ओळीत नव्हती, बरीच अलीकडे होती. मागची खुंटी मात्र सापडेना. शेवटी फ्राऊ लीबशर मालिनीनं लावलेल्या लाल बेरीच्या झुडपात गुडघ्यांवर शिरल्या आणि आतून म्हणाल्या, "ही काय. कोणीतरी हिच्यावर झुडूप लावलंय."

त्यांनी दोरी ताणली. जयंतला आधी वाटलं ती ढिली आहे. मग वाटलं चुकीच्या खुंटीला बांधली आहे. दोरी मेथीच्या वाफ्याच्या अलीकडून, जयंतच्या बुटांना घासून गेली होती. अख्खा वाफा दोरीपलीकडे होता.

"मिस्टर नेस्बिट," फ्राऊ लीबशर म्हणाल्या, "तुमची जमीन तुमच्या शेजाऱ्यांकडे आहे. हे कसं झालं?"

नेस्बिटनं जयंतकडे बघितलं नाही. "गोल दगड आहेत, फ्राऊ लीबशर. घरंगळतात."

"चढावर?"

"आमच्या बाजूला पाऊस जास्त पडतो."

फ्राऊ लीबशर हसल्या नाहीत. महिनाअखेरीला सगळ्या बागांची तपासणी आहे, तोवर दगड खुंट्यांच्या ओळीत आले पाहिजेत, एवढं दोघांना सांगून त्या निघाल्या. दोरी त्यांनी तशीच राहू दिली.

फाटक लागल्याचा आवाज आला.

"म्हणून म्हणत होतो, मोजू नका," नेस्बिट म्हणाला.

"तुम्हाला माहीत होतं."

"माझ्या डोळ्यांदेखत झालं ते. दर वसंतात. मधल्या वारी यायची, तुम्ही कामावर असताना. दगडांकडे पाठ करून उकिडवी बसायची, गवत उपटायची. एक मूठ गवत, की टाचेनं दगडाला एक ढोसणी. परत एक मूठ, परत ढोसणी. इतकं सावकाश, की मला आधी वाटलं तिच्या पायात गोळा येतोय." नेस्बिटला हसू आलं, ते त्यानं दाबलं. "हेल्गा म्हणाली, जाऊन बोल तिच्याशी. मी म्हटलं, थांब जरा. चारशे वर्षांत पहिल्यांदा हे कोणीतरी आमच्यावर करतंय. बघू तर दे कसं वाटतं ते."

"खोटं आहे हे," जयंत म्हणाला. पण म्हणतानाच त्याला मालिनीची टाच दिसली. चप्पल काढून मातीत रुतवलेली.

"माझे काही बटाटे दगडांच्या तुमच्या बाजूला गेले. ते ती खणून, धुऊन माझ्या दारात आणून ठेवायची. जमीन घेतली, बटाटे परत केले. अशा बाईला काय बोलणार?"

"मग ती गेल्यावर का हलवलेत दगड?"

"कारण ती नव्हती," नेस्बिट म्हणाला. "आणि जमीन माझी होती."

"मला सांगायचं होतं तुम्ही."

"काय सांगायचं होतं? तुमची बायको गेली त्याचं वाईट वाटतं, आणि जाता जाता ती माझी दोन हात जमीन खाऊन गेली? हे? म्हटलं, थोडं थोडं सरकवू. तिनं आणलं तसंच परत नेऊ. कोणाला कळणारही नाही."

जयंतला राग कोणाचा आलाय ते ठरवता येईना. नेस्बिटनं भिंतीला टेकवलेलं फावडं उचललं. "तपासणीच्या आधी उलटून टाकतो हे. उशिराचे बटाटे येतील." तो वाफ्याच्या कडेला आला आणि फावड्याचं पातं त्यानं मातीला लावलं.

जयंत वाफ्यात जाऊन उभा राहिला. मेथी त्याच्या बुटाखाली आली.

"इथं नाही."

"दोरी तुम्ही बघितलीत."

"बघितली. बाकी सगळं घ्या. इथं नाही खणायचं."

नेस्बिटनं फावडं काढून घेतलं नाही. त्याचे डोळे बारीक झाले. तीन शनिवार जयंत त्याच्याकडे जसा बघत होता तसाच आता तो जयंतकडे बघायला लागला. "एप्रिलमध्ये तुम्ही इथे खड्डा केला होतात," तो सावकाश म्हणाला. "मेथीला एवढा खोल खड्डा लागत नाही. काय पुरलंय?"

रुळांवरून मालगाडी चालली होती. ती संपेपर्यंत जयंतला थांबावं लागलं.

"मालिनी," तो म्हणाला.

"सगळी?"

"चिमूटभर."

नेस्बिटचा हात टोपीकडे गेला, अर्ध्यावर थांबला, मग त्यानं टोपी काढली. "लीबशरबाईंना ठाऊक आहे?"

"कोणालाच नाही. मुलीलासुद्धा नाही."

नेस्बिटनं मेथीकडे बघितलं. मग त्यानं विचारलं, आणि त्याच्या आवाजात संशय अजून होताच, "जागा पक्की करायला ठेवलीत का तिला?"

जयंतला ताबडतोब नाही म्हणायचं होतं. पण आबांचा बांध त्याच्या डोळ्यांपुढे आला, आणि ती गोष्ट सांगताना हसणारी मालिनी. खड्डा करायला त्यानं हीच कड का निवडली होती? बागेत सफरचंदाचं झाड होतं, तिची बसायची जागा होती.

"माहीत नाही," तो म्हणाला. ते खरं होतं.

"मला वाटलं तुम्ही नाही म्हणाल. मग मला विश्वास ठेवता आला नसता."

"मी काढून घेतो. वरची माती भरून घेतो बादलीत."

"राख निवडणार आहात मातीतून?" नेस्बिटनं टोपी परत घातली. "माझे आजे-पणजे तिकडे एका चर्चमागे आहेत, किती पिढ्या त्याचा हिशेब नाही. पलीकडचा शेजारी अजून म्हणतो, तुम्ही कालची माणसं. पण त्यांना तिथून उठवा असं तो म्हणत नाही. इतकी मारामारी झाली आमच्यात, पण ते नाही केलं कोणी." त्यानं फावड्यानं खड्ड्याच्या जागी मेथीभोवती एक गोल ओढला, साधारण परातीएवढा. "एवढं. याच्या बाहेर एक बोट नाही."

दुपारपर्यंत दोघांनी मिळून गोटे उचलून दोरीखाली मांडले. नेस्बिट प्रत्येक गोटा दोरीला लागला की नाही ते वाकून बघत होता आणि जयंत तो बघतोय हे बघत होता. काम संपलं तेव्हा मालिनी नेस्बिटच्या बाजूला राहिली. उरलेल्या छोट्या दगडांचं जयंतनं तिच्याभोवती कडं केलं.

रात्री त्यानं कादंबरीला सगळं सांगितलं. मग तिनं मराठीत विचारलं, "ऊन येतं का तिथं?"

"येतं," तो म्हणाला. "सकाळी चांगलं येतं."

तपासणीला फ्राऊ लीबशर आल्या तेव्हा त्यांनी बटाट्यांच्या मधल्या त्या कड्याकडे बोट केलं. नेस्बिटनं सांगितलं, शेजाऱ्यांची भाजी आहे, बियाण्यासाठी ठेवली आहे. त्यांनी मान हलवली आणि पुढे गेल्या.

त्यानंतर जयंत दर शनिवारी आधी तिथेच जायचा. फावडं कड्याच्या किती जवळ आलंय ते बघायचा. नेस्बिटनं शब्द पाळला होता. तरी जयंत वाकून बघायचाच, कारण शब्द पाळणारा माणूस आठवडाभर बागेत एकटा असतो. आणि नेस्बिट झोपडीच्या खिडकीतून बघायचा की कडं परातीएवढंच आहे ना. दोघांनाही हे माहीत होतं. हवेबद्दल ते बोलायचे.

जुलैत मेथीला फुलं आली. जयंत तण काढायला कड्यापाशी उकिडवा बसला. बूट त्यानं बाजूला काढून ठेवले होते. एक मूठ गवत उपटलं, आणि त्याच्या टाचेनं कड्यातल्या एका दगडाला बाहेर ढोसलं. बोटभर.

त्यानं मान वर केली. नेस्बिट खिडकीत होता, हातात कप होता. त्यानं सगळं बघितलं होतं.

नेस्बिटनं चहाचा घोट घेतला. जयंतनं दुसरी मूठ उपटली.